लांब्याच्या पायाची खरी गोष्ट

लांब्या आतल्या खोलीत बसून चॅनलशी बोलत होता आणि आई बाहेर दाराला खेटून त्याला टीव्हीवर बघत होती. घोळ असा, की दारातून त्याचा आवाज आधी यायचा आणि टीव्हीतला लांब्या तेच वाक्य जरा वेळानं, नव्यानं सुचल्यासारखं बोलायचा.

"अगं, हा दोनदा का बोलतोय?" आईनं धाकट्या जावेला विचारलं.

"तुमचं लेकरू, तुम्हाला दोनदा ऐकू येत असेल," जाऊ टीव्हीला नाक लावून म्हणाली. "मला एकदाच पुरतं."

बास्केटबॉल सुटल्यावर लांब्याला चॅनलनं सामन्यांवर बोलायला घेतलं होतं. अजून सगळं कच्चंच. आजचं बोलणं आवडलं तर कायमची नोकरी. म्हणून वर कोट-टाय, खाली मात्र घरची अर्धी चड्डी. फायनलला ऐन शेवटी त्याचा बॉल बास्केटला शिवलासुद्धा नव्हता आणि तिथंच त्याचं खेळणं संपलं. तेव्हापासून आई सांगत आली, पाय मुरगळला होता. जाऊ सांगत आली, पोरगं घाबरलं.

इतक्यात दारातून आवाज आला, "खरं सांगू? माझा पाय मुरगळला नव्हता..."

टीव्हीतला लांब्या अजून मागच्याच प्रश्नावर हसत होता. रिमोट जावेच्या मांडीखाली. आई उठली आणि तिनं सरळ मेन स्विच खाली ओढला. टीव्ही गेला, पंखा गेला, आत लांब्याचं इंटरनेटही गेलं.

"लाइट गेली वाटतं," स्विचवरचा हात न काढता आई म्हणाली.

"जाऊ द्या, माझ्या मोबाइलवर दिसतंय." मोबाइलमधला लांब्या म्हणाला, "माझा पाय मुरगळला नव्हता," आणि तोंड उघडं ठेवून गोठला. निवेदिका किंचाळली, "संपर्क तुटलाय! की तोडलाय?"

"ऐकलंत? पोरगं स्वतःच्या तोंडानं कबूल झालं!" जाऊ म्हणाली.

लांब्या चौकटीखालून वाकून बाहेर आला. त्यानं एक नजर स्विचकडे टाकली आणि आईला ओढत स्वयंपाकघरात नेलं.

"काय केलंस हे?"

"तुझी अब्रू राखली, मेल्या!"

"अगं, पुढचं तरी ऐकायचंस! मुरगळला नव्हता, मोडला होता. मोडक्या पायानं खेळलो मी. तू मैदानात घुसली असतीस म्हणून बोललो नाही."

तेवढ्यात चॅनलचा फोन आला. लोकांनी विचारून विचारून भंडावलंय. उद्या तासभर फक्त तुम्हीच, नोकरी पक्की. अट एकच, तोवर बाहेर कुणाला एक अक्षर कळता कामा नये.

"जाऊबाई," बाहेरून हाक आली, "आता तरी बोला काहीतरी!"

तो मोडका पाय आईच्या जिभेच्या टोकावर येऊन उभा राहिला. लांब्यानं मागून हात जोडले. आई बाहेर आली आणि जावेच्या पाठीवरून हात फिरवत म्हणाली, "बाळ, चहा टाकू तुला?"

इतक्या वर्षांत जावेनं आईचा असा गोड सूर ऐकलाच नव्हता. ती ताडकन उठली आणि घाबऱ्याघाबऱ्या चपला शोधू लागली.