लिंबाजीची पाठ

लिंबाजी तुमच्या घरातून निघाला की उलटा निघायचा. तोंड तुमच्याकडे, पाय दाराकडे. "येतो, भाऊसाहेब," म्हणून तो उठायचा आणि माझ्याकडे बघत बघत एकेक पाऊल मागं टाकत दारापर्यंत जायचा. आमचा उंबरा त्याच्या टाचेला बरोबर कळायचा, कधी अडखळला नाही. आमची म्हैस मात्र त्याला तसं येताना बघून दोनदा दावं तोडून पळाली. गंगाखेडात त्याच्या तोंडाचं वर्णन कुणीही केलं असतं. पाठ कशी आहे हे फार तर बायकोला ठाऊक असेल असं वाटायचं, तर ती म्हणायची, "कशाची ओ पाठ! घरातबी मागं मागंच जायलाय ह्यो मानूस. परवा रांजन फोडला."

कारण एवढंच, की लिंबाजी गोलकीपर होता. हौशी नव्हे, पगारी. सोळाव्या वर्षी तो चुलत्याबरोबर हैदराबादला गेला आणि एका गिरणीत लागला. गिरणीचा फुटबॉलचा संघ होता, बी डिव्हिजनमधला. त्यांच्या कीपरची बोटं मोडली तेव्हा लांब हातांचा माणूस शोधत शोधत ते सूतखात्यात आले आणि लिंबाजीला उचलून घेऊन गेले. पहिली तीन वर्षं तो नुसता बाकावर बसला. पुढची आठ वर्षं दोन खांबांमध्ये उभा राहिला. बी डिव्हिजनमधून वर जायचं एवढंच त्या संघाचं ध्येय होतं, आणि तो कधीच वर गेला नाही. मग गिरणी बंद पडली आणि लिंबाजी डाव्या हाताची दोन वाकडी बोटं घेऊन गावी परत आला.

"हैदराबादेत मला कुनी जात इचारली न्हाई," हे तो पहिल्यांदा सांगायचा. फुटबॉलचं नंतर.

उलटं चालणं ही त्याच्या कप्तानाची, युसूफभाईची शिकवण. "गेंद तिकडं गेली म्हनून आपन वळायचं न्हाई. नजर गेंदीवर ठिवून मागं मागं यायचं. पाठ फिरली की गोल!" हे त्याच्या अंगात इतकं मुरलं होतं की समोर चेंडू आहे, कलेक्टर आहे की सासू, याचा काही संबंध उरला नव्हता.

दुसरी खोड पडणाऱ्या वस्तूंची. काहीही पडायला लागलं की तो "सोडा, माझी हाय!" असं ओरडून झेप घ्यायचा. एकदा शाळा तपासायला आलेल्या साहेबांच्या टेबलावरून शाईची दौत कलंडली. लिंबाजी दारातून उडाला आणि जमिनीपासून वीतभर अंतरावर त्यानं ती झेलली. दौत वाचली, शाई सगळी साहेबांच्या पांढऱ्या विजारीवर गेली. "दौत फुटली न्हाई ना?" असं तो वर साहेबांनाच विचारत होता.

हो, तो आमच्या शाळेत शिपाई होता आणि मी कारकून. तो माझ्याहून पंधरा वर्षांनी मोठा. मी त्याला अरेतुरे करायचो आणि तो मला भाऊसाहेब म्हणायचा. त्यात कुणाला काही वावगं वाटत नव्हतं, मला तर मुळीच नाही.

तो शिपाई कसा झाला हे सांगण्यासारखं आहे. शाळेचे अध्यक्ष आबासाहेब. मोठी शेती, मोठा आवाज. लिंबाजी एकदा कामाची चौकशी करायला त्यांच्याकडे गेला आणि नेहमीसारखा उलटा बाहेर पडला. आबासाहेबांचे डोळे भरून आले. निजामाच्या दरबारातून माणसं अशी परतायची, हे त्यांनी वडिलांच्या तोंडून ऐकलं होतं. "याला म्हणतात अदब!" ते हेडमास्तरांना म्हणाले. "आजकालच्या पोरांनी शिकावं याच्याकडून." आठवड्यात लिंबाजी नोकरीला लागला. मुलाखत झालीच असेल तर ती त्याच्या टाचांची झाली.

इकडे बौद्ध वस्तीतली, त्याच्याच वस्तीतली, शिकलेली पोरं त्याच्यावर चिडत होती. त्यांतला एक औरंगाबादला वकिलीचं शिकत होता. तो भर रस्त्यात म्हणाला, "काका, त्यांच्यापुढं उलटं चालायलाय तुमी? आपन धम्म घेतला तो ह्याच्यासाठी का?"

आबासाहेबांनी विचारलं तरी आणि पोरांनी विचारलं तरी लिंबाजीचं उत्तर एकच असायचं, "पाठ फिरली की गोल." दोघांनाही ते पटायचं नाही. गाव दोन भागांत वाटलेलं होतं, पण लिंबाजीच्या पाठीबद्दल दोन्ही भागांची एकच चूक झाली होती. जे त्यानं केलंच नव्हतं त्यासाठी एकीकडून शाबासकी मिळत होती आणि दुसरीकडून शिव्या.

त्याला हवी होती ती वेगळीच गोष्ट. शाळेच्या मैदानावर त्यानं बाभळीचे दोन खांब पुरले, वर भंगारातला एक पाईप बांधला आणि पोरं गोळा केली. वस्तीतली सहा, गावातली पाच. परभणीला जिल्ह्याच्या शाळांची स्पर्धा व्हायची, तिथं ही टीम उतरवायची. "एक डाव परभनीला जाऊ द्या, भाऊसाहेब. मंग मी मेलो तरी चालंल." हे तो दिवसातून चारदा म्हणायचा. पोरांना चेंडू लाथाडण्याआधी त्यानं महिनाभर उलटं चालायला शिकवलं. संध्याकाळी मैदानावर अकरा पोरं मागं मागं चाललेली दिसायची आणि रस्त्यानं जाणारी माणसं सायकलवरून उतरून बघत बसायची.

मधल्या सुट्टीत तो माझ्या टेबलाशी येऊन सामने सांगायचा. कबड्डी आणि कुस्तीच्या गावात, ज्या खेळात चेंडूला हात लावायचा नाही त्याचं कौतुक कुणाला? ऐकायला मी एकटा. तोही आधी निरुपायानं, मग मलाच चटक लागली. गंमत म्हणजे हा माणूस अडवलेले गोल कधी सांगत नसे. खाल्लेले सांगायचा. "अडवला त्याचं काय सांगायचं? त्याचाच तर पगार व्हता." खडूचे तुकडे फरशीवर मांडून, हा हाफ बॅक, हा सेंटर फॉरवर्ड, असा एकेक गोल तो पुन्हा खायचा. एकदा आमचे हेडमास्तर सेंटर फॉरवर्डवरून घसरून पडले.

मग विद्यापीठाच्या नामांतराचा ठराव झाला आणि त्या पावसाळ्यात जिल्हा पेटला. जिल्हा पेटला म्हणायची पद्धत आहे, म्हणून म्हटलं. जिल्हा आपोआप पेटत नाही. माणसांनी शेजाऱ्यांची घरं पेटवली. लिंबाजीच्या सासुरवाडीचं घर जळालं. मेहुणा बायकापोरांसह नेसत्या कपड्यांनिशी त्याच्या दोन खोल्यांत येऊन राहिला. टीममधल्या गावातल्या पाच पोरांना घरच्यांनी मैदानावर पाठवणं बंद केलं. वस्तीतली सहा कुणाच्या भरवशावर येणार? लिंबाजी तेव्हाही मला म्हणत होता, "स्पर्धा फुडं ढकललीय, भाऊसाहेब. रद्द न्हाई केली. तवर निवंल समदं."

एके दिवशी आबासाहेबांनी त्याला कचेरीत बोलावलं. टेबलावर एक कागद होता. 'आम्हा गंगाखेडच्या बौद्ध बांधवांना नामांतर नको आहे' असं त्यात लिहिलेलं होतं. अक्षर वळणदार होतं. माझंच होतं.

"सही कर, लिंबाजी," आबासाहेब म्हणाले. "तुझी सही झाली की बाकीचे करतील. टीम परभणीला जाईल. ट्रॅक्टर माझा, बूट माझे. गावातली पोरं मी घरी सांगून आणवतो. माझा शब्द आहे."

लिंबाजीनं वाकडं बोट एकेका शब्दाखाली सरकवत कागद वाचला. फार वेळ लागला. घरात दहा तोंडं होती आणि पगार त्याचा एकट्याचा, हे त्या कचेरीतल्या तिघांनाही माहीत होतं.

"साहेब, हितं 'आम्हा' लिवलंय. मी तर कुनाला इचारलं न्हाई."

"मग तुझ्यापुरती कर."

"माज्यापुरतं इचारायलाव का?"

"हो."

"मंग मला नामांतर पायजे, साहेब."

त्यानं कागद उडू नये म्हणून त्यावर दौत ठेवली. आणि तो वळला. चक्क वळला, आणि तुम्ही-आम्ही जसे जातो तसा सरळ चालत दारातून बाहेर गेला. त्याची पाठ मी पहिल्यांदा पाहिली. सदऱ्याला खांद्याखाली हाताच्या पंजाएवढं जांभळं ठिगळ होतं, बायकोच्या लुगड्याचं.

"पाठ दाखवून गेला!" आबासाहेब म्हणाले. थोड्या वेळानं पुन्हा म्हणाले, "पाठ दाखवून गेला!" नकाराचं त्यांना एवढं लागलं नव्हतं. मला त्यांनी सेवाशर्तींचं पुस्तक काढायला लावलं. आम्ही दोघांनी ते दोनदा चाळलं. साहेबाकडे पाठ करून जाणं हा गुन्हा कुठेच सापडेना. तेव्हा त्यांनी तोंडी सांगितलं आणि मी बडतर्फीच्या नोटिशीत लिहून घेतलं, 'अर्वाच्य शिवीगाळ केली व अध्यक्षांच्या अंगावर धावून गेला.' खाली 'समक्ष' म्हणून माझी सही. मी तेवीस वर्षांचा होतो, नोकरी कच्ची होती, लग्न ठरलं होतं. ही कारणं खरी आहेत. आणि मी भेकड होतो, हेही खरं आहे.

लिंबाजीची नोकरी गेली. टीम परभणीला गेली नाही. गोलवरचा पाईप काढून सायकल स्टँडला लावला. वस्तीत मात्र पोरांनी त्याला खांद्यावर घेतलं. "काका, आज खरे सरळ चाललात!" तो वकिलीवाला म्हणाला. लिंबाजी खाली उतरून त्याच्यावर खेकसला. "अरे, शिट्टी झाल्यावर कीपरबी सरळच चालतो की. खेळ संपला म्हनून वळलो मी. खेळ संपल्याचं कसलं कौतुक करायलाव?"

पुढं तो मोंढ्यात हमाली करू लागला. ज्वारीची पोती वाहताना दिसायचा. मी चार महिने त्या रस्त्यानं गेलो नाही. मग एका रविवारी तोच माझ्या ओसरीवर आला, खाली बसला, खिशातून खडूचे तुकडे काढले आणि निजामाबादच्या पोलिसांकडून खाल्लेला एक गोल मांडू लागला. जाताना उलटा गेला. नोटिशीचा शब्द काढला नाही. अडाणी माणूस, त्यानं ती वाचलीच नसेल, असं मी ठरवून टाकलं. असं ठरवणं सोयीचं होतं. रविवार मग चालूच राहिले.

सोळा वर्षांनी नामविस्तार झाला. वस्तीत गुलाल उधळला, पेढे वाटले. तो पोरगा आता नावाजलेला वकील झाला होता. माझ्या हातावर पेढा ठेवता ठेवता तो म्हणाला, "भाऊसाहेब, तुम्ही नशीबवान. लिंबाकाकाची केस मी तेव्हाच माझ्या सरांकडून तयार करून घेतली होती. शंभर टक्के जिंकलो असतो. काकानं वकीलपत्रावर सहीच केली नाही."

पेढा हातात धरून मी तसाच लिंबाजीच्या घरी गेलो. पोत्यांनी त्याची कंबर गेली होती. बाजेवर उशीला टेकून बसला होता.

"केस का नाही केलीत?" मी विचारलं. मी त्याला पहिल्यांदाच अहो-जाहो केलं होतं. त्यानं तिकडे लक्ष दिलं नाही.

"वकील म्हनला, समदं तुमच्या साक्षीवर हाय. भाऊसाहेबाला कोर्टात उभं करावं लागंल. म्या म्हनलं, मंग ऱ्हाऊ द्या."

"मी खरं बोलेन, असं वाटलं नाही तुम्हाला?"

"न्हाई," तो म्हणाला. रागानं नाही, अगदी सहज. "खोटंच बोलले असते तुमी. कागदावर लिवलं ते चालून गेलं. कागदाला तोंड नसतंय. पर तिथं माज्याकडं बघून बोलले असते. मंग मला तुमच्याशी बोलनं सोडावं लागलं असतं." त्यानं सरकून बसायचा प्रयत्न केला, जमलं नाही. "अन् मंग मी बोलायचं कुनाशी? युसूफभाई गेले, गिरनी गेली. ह्या गावात कार्नर किक म्हंजी काय, हे तुमच्याबिगर कुनाला ठावं हाय?"

म्हणजे पगार गेला, पेन्शन गेलं, कंबर गेली, ते माझ्या चांगुलपणावर भरवसा ठेवून नव्हे. माझा चांगुलपणा किती आहे ते त्याला नीट कळलं होतं. त्याला ऐकणारं माणूस हवं होतं, आणि गावात तेवढं एकच मिळण्यासारखं होतं. मला फार लाज वाटली.

"लिंबाजी, शपथेवर सांगतो, मी कोर्टात खरंच..." मी बोलायला लागलो.

त्यानं वाकड्या बोटांचा हात वर केला.

"नका बोलू, भाऊसाहेब," तो घाईघाईनं म्हणाला. "इतक्या वर्साचं सांभाळून ठिवलंय."