तेरा इंचांचं घर

घरकर्ज म्हणजे काय, हे मल्हारीला कुणी समजावून सांगायची गरज नव्हती. तोच दुसऱ्यांना समजावून सांगायचा.

अंबडच्या एका कारखान्यात तो मार्किंग करायचा. म्हणजे पत्रा कुठे कापायचा, भोक कुठे पाडायचं, त्याच्या रेघा मारायच्या. त्याची रेघ सूतभरही हलायची नाही. साहेब टेप लावून लावून दमले आणि शेवटी त्यांनी टेप लावणंच सोडून दिलं. आता ज्या माणसाची रेघ कधी चुकत नाही, त्याला हळूहळू वाटायला लागतं की आपलं काहीच चुकत नाही. शाळा नववीत सुटली होती. बाकीचं सगळं तो वाचून, विचारून आणि बऱ्याचदा न विचारताच शिकला होता.

त्र्याऐंशी साली कारखान्यातल्या बारा जणांनी मिळून सोसायटी केली. जागेचे पैसे शिलकीतून भरले आणि घर बांधायला प्रत्येकाने कर्ज देणाऱ्या एका कंपनीकडून तीस हजार कर्ज काढलं. व्याज शेकडा बारा. हप्ता तीनशे तीस रुपये, वर तेहतीस पैसे. खाली लिहिलं होतं, हप्ते दोनशे चाळीस.

दोनशे चाळीस म्हणजे वीस वर्षं! बाकीचे अकरा जण कागद एकमेकांकडे सरकवायला लागले. मल्हारी हसला. त्याने विडीच्या पाकिटावर हिशोब मांडला. शेकडा बारा, म्हणजे तीस हजाराला छत्तीसशे. झाले तेहतीस हजार सहाशे. भागिले तीनशे तीस. एकशेदोन हप्ते. साडेआठ वर्षांत खेळ खलास.

मग दोनशे चाळीस कशाला लिहिलंय, असं शेजारच्या जयरामने विचारलं.

"डॉक्टर सात दिवसांच्या गोळ्या देतो," मल्हारी म्हणाला. "तिसऱ्या दिवशी बरं वाटलं की आपण सोडतोच ना?"

जयराम नेहमीच सोडायचा. त्याला पटलं.

खरी अडचण कर्जाची नव्हतीच. अडचण होती मल्हारीच्या आईची.

विठाबाई लासलगावला कांदा निवडायला जायची. नवरा गेल्यावर पोराला घेऊन ती तीन व्यापाऱ्यांच्या तीन शेडमध्ये राहिली, आणि तिन्ही वेळा हंगाम संपल्यावर "बाई, जागा खाली करा" ऐकून बोचकं उचललं. शेवटी तिने पै पै साठवून स्वतःची एक पत्र्याची खोली केली. पत्रा चार ठिकाणी गळायचा, पण चारी भोकं तिची होती. त्या दिवशी तिने ठरवून टाकलं, दुसऱ्याच्या छपराखाली पुन्हा पाठ टेकायची नाही.

आता तिचे गुडघे गेले होते. मागच्या थंडीत हंडा उचलताना ती पडली, आणि दुपारपर्यंत कुणाला पत्ता नव्हता. तेव्हापासून मल्हारीच्या डोक्यात एकच गोष्ट होती, आईला इकडे आणायचं.

घर बांधून झालं. बुद्धवंदना झाली, खीर झाली. विठाबाईने भिंतीवरून हात फिरवला, नळ सोडून बघितला, मोरीत वाकून बघितलं. मग विचारलं, "कुणाचं हाय?"

"आपलं."

"पैसे दिले?"

"देतोय ना."

"मंग त्यांचं हाय," म्हणाली, आणि पाचची एसटी पकडून गेली.

मल्हारीची बायको चांगुणा म्हणाली, जाऊ द्या, म्हातारं माणूस आहे. पण मल्हारी म्हातारीचाच मुलगा. त्याने टेप काढली. पुढच्या दारापासून मागच्या भिंतीपर्यंत घर भरलं पंचवीस फूट. तीनशे इंच. हप्ते एकशेदोन. म्हणजे दर हप्त्याला जवळजवळ तीन इंच घर आपलं होतं! इतकी साधी गोष्ट, आणि आजवर कुणाच्या डोक्यात आली नव्हती.

रविवारी तो लासलगावला गेला आणि आईशी बोलणी केली. बाहेरची खोली नऊ फुटांची. छत्तीस हप्त्यांत ती पूर्ण आपली. बाकीचं घर कंपनीचं असलं तर असू दे, बाहेरच्या खोलीत तर राहशील? विठाबाईने दोन कांदे निवडेपर्यंत विचार केला. खोली पुरती आपली झाली पाहिजे म्हणाली. मग येईन.

त्या महिन्यापासून मल्हारी दर हप्त्याला दारापासून तीन इंच पुढे खडूची रेघ मारायला लागला, ह्या भिंतीपासून त्या भिंतीपर्यंत. अलीकडे आपलं, पलीकडे कंपनीचं. तिसऱ्या महिन्यात चांगुणाने फरशी पुसता पुसता अख्खा हप्ता पुसून टाकला. मग त्याने कारखान्यातून लाल तेलरंग आणला. फरशी एखाद्या अजस्र फूटपट्टीसारखी दिसायला लागली.

बघता बघता सोसायटीत हे खूळ पसरलं. अकराच्या अकरा घरांनी मल्हारीला टेप घेऊन बोलावलं. जयरामचा मेव्हणा भिकन महिनाभर मुक्कामाला आला, तेव्हा जयरामने त्याची गादी रेघेपलीकडे टाकली, आणि चहा-नाश्त्याचं जे काही असेल ते कंपनीला माग म्हणाला. पुंजारामच्या मागच्या भिंतीला चीर गेली. भिंत कंपनीच्या बाजूची, म्हणून त्याने कंपनीला पत्र टाकलं की आपली भिंत लवकर दुरुस्त करून घ्यावी, आमच्या बाजूला पाणी येत आहे. उत्तर आलं नाही. पुंजारामला वाटलं, कंपनी लाजली.

शहाऐंशी साली छत्तिसावा हप्ता भरला आणि छत्तिसावी रेघ बाहेरच्या खोलीच्या टोकाला जाऊन टेकली. मल्हारी लासलगावला गेला. विठाबाईने सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाली, शेडवालेसुद्धा आधी गोडच बोलायचे. गोल शिक्क्याचा कागद दाखव. ठरलं असं, की शनिवारी मल्हारीने कागद आणायचा, आणि तिच्या शेजारचा केरू पेटीसकट तिला एसटीने घेऊन येईल. कागद बरोबर निघाला तर पेटी उघडायची. नाही तर पाचची गाडी होतीच.

शनिवारी अर्ध्या दिवसाची रजा टाकून मल्हारी कर्जाच्या ऑफिसात गेला. काउंटरला एक मॅडम बसल्या होत्या. डोळ्यांवर जाड चष्मा, हातात लाकडी पट्टी. पट्टी बघून मल्हारीला बरं वाटलं. आपल्यातल्याच दिसतात.

"नऊ फुटांचा दाखला पाहिजे होता," तो म्हणाला.

"कशाच्या नऊ फुटांचा?"

"घराच्या. भरून झालेल्या."

मॅडमनी चष्म्यावरून त्याच्याकडे पाहिलं, खातं क्रमांक विचारला आणि लेजर उघडलं. छत्तीस हप्ते, एकही उशिरा नाही, म्हणाल्या. मल्हारीची छाती फुगली. मग त्यांनी पट्टी खाली सरकवली आणि वाचलं, शिल्लक अठ्ठावीस हजार सहाशे त्र्याण्णव.

मल्हारीने त्यांना अतिशय नम्रपणे सांगितलं की पान दुसऱ्या कुणाचं तरी उघडलं गेलंय. मॅडमनी लेजर त्याच्याकडे फिरवलं. नाव त्याचं, सही त्याची, सहीखालची रेघही त्याचीच. सरळ.

"मी अकरा हजार आठशे ब्याण्णव भरलेत."

"भरलेत ना."

"मग ते गेले कुठे?"

मॅडमनी पट्टी पहिल्या ओळीवर ठेवली. "हे बघा. तीस हजाराचं एका महिन्याचं व्याज तीनशे. तुम्ही भरले तीनशे तीस. तीनशे व्याजात गेले, तीस मुद्दलात."

"व्याज एकदाच ना? छत्तीसशे?"

"दर साल, मल्हारीराव. जेवढं मुद्दल शिल्लक, त्यावर दर साल शेकडा बारा."

दर साल असं कागदावर लिहिलेलं त्याने वाचलं होतं. पत्रात कसं वर साष्टांग नमस्कार लिहितात, तसं रीत म्हणून लिहिलं असेल असं त्याला वाटलं होतं. शाळेत व्याजाचा धडा झाला त्या आठवड्यात मार्केटला उन्हाळ कांदा आला होता आणि मल्हारी आईबरोबर गोण्यांवर होता.

वीस वर्षांत एकूण किती भरायचे, असं त्याने हळूच विचारलं. मॅडमनी गुणाकार करून दाखवला. एकोणऐंशी हजार दोनशे एकोणऐंशी. त्याने तो आकडा दोनदा वाचला. एवढ्या पैशांत दोन घरं झाली असती आणि तिसऱ्याचा पाया वर आला असता.

तो बाकड्यावर बसला. पाकीट काढलं आणि उलट्या बाजूने हिशोब केला. तीन वर्षांत मुद्दल फिटलं तेराशे सात. तीस हजाराला तीनशे इंच, तर तेराशे साताला?

"तेरा इंच," तो म्हणाला.

"काय तेरा इंच?"

"घर."

मॅडमनी शिपायाला पाणी आणायला सांगितलं. मग कागदावर शिक्का मारता मारता म्हणाल्या, जमेल तेव्हा हप्त्याच्या वर थोडं जादा भरत जा. ते सगळं मुद्दलात जातं, त्यातला एक पैसाही व्याज खात नाही. मल्हारीने मान हलवली. त्या वेळी त्यांनी त्याला काहीही सांगितलं असतं तरी त्याने मान हलवली असती.

घरी आला तर दारात चपलांचा ढीग. अख्खी सोसायटी विठाबाईला बघायला जमली होती. ती छत्तीस लाल रेघांच्या मधोमध पेटीवर पाय पसरून बसली होती. गुडघ्यांना चांगुणाने तेल लावलं होतं. केरू चहा पीत होता. म्हातारीचं तोंड इतकं निवांत मल्हारीने कधी बघितलं नव्हतं.

"आणला कागद?"

त्याने दिला. विठाबाईला वाचता येत नव्हतं. तिने अंगठा शिक्क्यावरून फिरवला. "गोल हाय," म्हणाली, आणि पेटीच्या कडीला हात घातला.

बस, मल्हारीने फक्त गप्प राहायचं होतं. पेटी उघडली असती, लुगडी खुंटीला लागली असती, हंडा उचलायला चांगुणा होती. खोटं बोलायचंसुद्धा नव्हतं, नुसतं बोलायचं नव्हतं. चांगुणाने त्याचं तोंड बघून सगळं ओळखलं आणि डोळ्यांनी खुणावलं, बसा खाली. तो बसलाही. पण समोर त्या छत्तीस रेघा. आजवर दुसऱ्याच्या पत्र्यावरसुद्धा त्याने चुकीची रेघ ठेवली नव्हती, आणि ह्यांवर तर आई बसली होती.

तो उठला. दारापासून टेप लावली आणि खडूने रेघ मारली.

"आई, आपलं इथपर्यंतच हाय."

सगळ्यांनी वाकून बघितलं. त्या तेरा इंचांत फक्त चपला होत्या. त्याही बहुतेक दुसऱ्यांच्या.

मग त्याने व्याजाचं सांगितलं. तीनशे आणि तीस. बोलता बोलता आवाज इतका खाली गेला की शेवटचं मुद्दल कुणाला ऐकूच आलं नाही. जयरामला भिकनची गादी आठवली असावी, तो छताकडे बघायला लागला. पुंजाराम पत्र आठवून चपला शोधायला लागला.

विठाबाईने कडीवरचा हात काढला. "म्हंजी आधी याज कापून घेत्यात?"

"हो."

"आन् उरलं तर मुद्दल?"

"हो."

"मंग बराबर हाय की. वजन झालं की आधी हमाली कापत्यात, तोलाई कापत्यात, मंग उरलं ते शेतकऱ्याच्या हाती. ल्हानपणापासून बघितलं तू. मला इचारायचं ना, रेघा कशाला मारल्या?"

मल्हारी टेप गुंडाळायला लागला. तिने केरूला पाचची गाडी वेळेवर असते का विचारलं. केरूने कप खाली ठेवला. चांगुणा पदराने डोळे टिपायला लागली, आणि खरं सांगायचं तर मल्हारीलाही पदर असता तर बरं झालं असतं.

विठाबाई पेटी धरून उठली, दोन पावलं टाकली आणि खडूच्या रेघेपाशी थांबली.

"ह्या एवढ्याला मुद्दल किती पडलं?"

"तेराशे सात."

"तेराशे सात? आन् तू भरले बारा हजार?" ती पुन्हा पेटीवर बसली. "वरून पैसे भरले तर त्यातबी याज कापत्यात का रे?"

तेव्हा कुठे मॅडमचं बोलणं मल्हारीच्या कानातून डोक्यात पोचलं. "नाय," तो म्हणाला. "सगळं मुद्दलात जातं."

विठाबाईने कमरेचा बटवा सोडला. नवा पत्रा टाकायला साठवलेले होते, तेराशे रुपये. दोनदा मोजले, चांगुणाच्या हातात दिले, मल्हारीच्या नाही. "वरचे सात तू घाल," त्याला म्हणाली. "आन् आता तुझा खडू दे इकडं."

सोमवारी मल्हारीने ते भरले. मॅडमनी नोंद केली, पट्टीने खाली रेघ मारली आणि रेघ चांगली आली का म्हणून त्यालाच विचारलं. घरी दुसरे तेरा इंच मोजले गेले. दोन्ही मिळून सव्वीस. विठाबाईने दाराच्या कडेला भिंतीलगत वाकळ टाकून बघितली आणि म्हणाली, उताणी मावते. पेटी उघडली.

तेलरंग काही निघाला नाही. रॉकेल झालं, पॉलिश पेपर झाला, पुंजारामची छिन्नी झाली. पाहुण्यांनी विचारलं तर मल्हारी सांगतो, डिझाइन आहे. अकरा घरांत तीच डिझाइन आहे, त्यामुळे लोकांना पटतंही.

मॅडमचं ऐकून तो आता महिन्याला वीस रुपये जादा भरतो. विडी सोडली, त्यामुळे हिशोब करायला पाकीटही उरलं नाही आणि घरात शांतता आहे. एकच पंचाईत झाली. दाराजवळचे पहिले तेरा इंच मल्हारीचे, त्याच्या पुढचे तेरा आईचे. तिचे ओलांडल्याशिवाय आत जाता येत नाही. रोज संध्याकाळी ड्यूटीवरून आला की तो चपलांच्या ढिगात उभा राहतो आणि विचारतो, "आई, येऊ का?"

विठाबाई तांदूळ निवडत असते. वर बघत नाही.

"ये. पण पाय पुसून ये. माझं फिटलेलं हाय."