जळमटाचा खुलासा

कपाटावरचा बिस्किटांचा डबा जेमतेम बोटभर लांब राहिला असताना टेबलाशी बसायच्या चाकाच्या खुर्चीने अंग काढून घेतलं आणि गृहस्थ फरशीवर आदळला. कमरेत काहीतरी काडकन वाजलं. घरात कोणी नव्हतं. बायको बाजारात गेली होती, म्हणून तर तो खुर्चीवर चढला होता.

हा गृहस्थ कोण, ते विचारू नका. हे लिहिताना पाठीशी उशी लागते, एवढंच सांगतो. तो एका मोठ्या इस्पितळाच्या नोंदणी विभागात आहे. डॉक्टरांनी लिहिलेलं वाचून प्रत्येक दुखण्याला ठरलेला कोड द्यायचा, हे त्याचं काम. तिथे नुसतं 'कंबर मोडली' म्हणून भागत नाही. पाचांपैकी कितवा मणका, चेपला की तुकडे झाले, उपचार पहिले की नंतरचे, शिवाय माणूस कुठे, कशावरून आणि काय करताना पडला, सगळ्याला वेगळे आकडे. डॉक्टरांनी यातलं काही गाळलं की हा लगेच खुलासा मागणारी चिठ्ठी पाठवायचा. बावीस वर्षांत आपल्या टेबलावरून एकही चुकीचा कोड गेला नाही, हे तो कोणी न विचारताही सांगायचा. "कागदावर नाही, ते घडलंच नाही," हे त्याचं लाडकं वाक्य. घरच्यांना ते पाठ होतं.

पण पंचाईत हाडाची नव्हती, डब्याची होती. दोघांचीही साखर वाढली म्हणून तीन महिन्यांपूर्वी नवरा-बायकोने मिळून गोड सोडलं होतं आणि डबा पाहुण्यांसाठी वर गेला होता. "यांचा निश्चय म्हणजे लोखंड आहे गं," असं बायको फोनवर बहिणीला सांगायची, आणि हा शेजारच्या खोलीत ते ऐकून ताठ बसायचा. तिच्या नजरेतून उतरायची त्याची मुळीच तयारी नव्हती. म्हणून त्याने खुर्ची ढकलत जागेवर लावली आणि मोडक्या कमरेने सरपटत बाथरूमचं दार गाठलं. मधे अकरा फरश्या आहेत. त्याने त्या मोजल्या.

"अगं बाई! हे काय झालं?" बायकोच्या हातातली पिशवी गळून पडली.

"घसरलो," तो कण्हला.

इस्पितळातले हाडांचे डॉक्टर एरवी कागदावर दोनच शब्द लिहायचे: 'पडला. मोडलं.' गृहस्थाची सगळी भिस्त त्या दोन शब्दांवर होती. पण डॉक्टरांनी त्याला ओळखलं आणि पेनचं टोपण काढलं.

"बावीस वर्षं चिठ्ठ्या पाठवताय ना? आज एकही पाठवायला लागणार नाही असं लिहितो. बोला, कुठे पडलात?"

"बाथरूममध्ये."

"फरशी ओली होती?"

"हो. म्हणजे... साबणाचं पाणी होतं."

"पायात?"

"स्लिपर. हिरव्या."

"आपल्याकडे हिरव्या स्लिपर कुठायत?" बायकोने विचारलं.

"वाहून गेल्या असतील."

डॉक्टरांनी तेही लिहून घेतलं. कमरेचा पहिला मणका चेपला होता. पट्टा बांधून सहा आठवडे घरी पडून राहायचं ठरलं.

तिसऱ्या दिवशी कामावरून परतताना शेजारच्या टेबलावरच्या बाई भेटायला आल्या. गृहस्थ बाहेरच्या खोलीत दिवाणावर पडून होता. त्याचं काम आता त्याच बघत होत्या. सगळं त्यांना यानेच शिकवलेलं.

"सर, रागावू नका, पण तुमचाच कोड अडलाय." त्यांनी पर्समधून चिठ्ठी काढून वाचली. "डॉक्टरांच्या नोंदीत बाथरूम, साबणाचं पाणी, वाहून गेलेल्या स्लिपर. नर्सच्या नोंदीत कपडे कोरडे, तळहातांना धूळ, केसांत जळमट. मेळ बसत नाही. कृपया खुलासा व्हावा."

"जळमट? माझ्या बाथरूममध्ये?" बायको ताडकन उठली. "रोज घासते मी ते!"

गृहस्थाला घाम फुटला. बाथरूमच टाका म्हणावं, तर त्याच्या टेबलावरून जाणारा पहिला खोटा कोड त्याच्याच मणक्याचा ठरणार. खरं सांगावं, तर बायकोसमोर अब्रूचं खोबरं. त्याने डोळे मिटले.

"खोडा ते. चाकाच्या खुर्चीवरून पडलो. कपाटावरची बिस्किटं काढताना. झोपायच्या खोलीत."

बाईंनी समाधानाने सगळं टिपून घेतलं, बिनसाखरेचा चहा घेतला आणि त्या गेल्या.

बायको त्याच्याकडे न बघता चादरीच्या सुरकुत्या काढत बसली. त्याला मणक्यापेक्षा तेच जास्त दुखत होतं.

"चिडलीस?"

"लोखंड म्हणत होते मी तुम्हाला."

"गंजलं ते. चुकलो मी. तुझ्याशी खोटं बोललो, याची खरंच लाज वाटतेय."

ती उठून आत गेली आणि डबा घेऊन आली. झाकण उघडून तिने तो त्याच्यापुढे धरला. आत नुसता चुरा होता.

"शेवटची चार उरली होती," ती खाली बघत म्हणाली. "तुम्ही पडलात ना, त्याच्या आदल्या दिवशी संपली."

"कोणी संपवली?"

"घरात आहे कोण तिसरं? तुम्ही कामावर गेलात की त्याच खुर्चीवर चढायचे मी. त्या दिवशी उतरताना चाक कटकन वाजलं आणि ढिलं झालं. तुम्हाला सांगणारच होते. पण मग वर का चढले, तेही सांगावं लागलं असतं."

गृहस्थाला हसू आलं आणि हसताना कमरेतून कळ गेली. पण बावीस वर्षांची सवय. त्याचा हात आपोआप फोनकडे गेला.

"अगं, मग चाक आधीपासूनच ढिलं होतं की! नोंद अपुरी राहिली. बाईंना कळवायला हवं."

तिने फोन त्याच्या हातातून काढून घेतला.

"मी चढले होते, हे कुठे लिहिलंय?"

"कुठेच नाही."

"मग घडलंच नाही."

तिने फोन डब्यात टाकला, झाकण घट्ट लावलं आणि डबा परत कपाटावर ठेवून आली. या वेळी स्टुलावर चढून.