चिमणा अजून विहिरीतच आहे

आमच्या गल्लीला तहान लागत नाही, असं तुम्ही ठरवलंत, साहेब. स्कूटरवरून आलात, आमच्याच नळाखाली हात धुतलेत, रुमालाला पुसलेत आणि ठरवून टाकलंत. तहान लागते का, हे विचारायला तोंड उघडावं लागतं. तुम्ही ते उघडलंत फक्त पाणी प्यायला. आता झालं ते पहिल्यापासून ऐका. त्या दिवशी तुम्ही अर्धंच ऐकून गेलात.

गल्ली नाशकातली, अंबडच्या कारखान्यांकडे जाणाऱ्या रस्त्याला लागून. दोन्ही अंगांना पत्र्याची घरं, टोकाला निळ्या कमानीचं विहार आणि मधोमध सगळ्यांत मिळून एक नळ. नळाच्या बरोबर समोर शकुबाईचा ओटा. शकुबाई इगतपुरीकडची. जन्मभर दुसऱ्यांच्या बांधकामांवर घमेली वाहिली. स्वतःचं म्हणून बांधलं ते एवढंच. पण ओटा असा की त्यावर निम्मी गल्ली मावायची, आणि उरलेली पायऱ्यांवर.

पाणी दुपारी यायचं. दुपारी म्हणजे जेवणं उरकल्यापासून दिवेलागणीपर्यंत कधीही. आलं की चार भाकरी भाजून होईस्तोवर टिकायचं, आणि पुष्कळदा यायचंच नाही. बायका हंड्यांची रांग लावून ओट्यावर बसायच्या, आणि बसलेल्या बायका भांडू नयेत म्हणून शकुबाई गोष्ट सांगायची. गोष्टी तिच्याच. कुठं वाचलेल्या नव्हेत, कारण तिला वाचता येत नव्हतं. नळ सुटला की ती नेमकी अशा ठिकाणी थांबायची, की दुसऱ्या दिवशी ज्यांच्या घरात पाणी होतं त्याही हंडा घेऊन यायच्या.

गल्लीत एक नियम होता. दुसरीच्या हंड्याला हात लावायचा नाही. मागे कुणीतरी कुणाचा तरी हंडा पुढं सरकवला होता, त्यावरून दोन घरांत डोकी फुटली आणि भर बैठकीत हा नियम झाला. नंबर ज्याचा, हात त्याचा. ज्यांच्या आज्यांनी पाणवठ्याला हात लावला म्हणून मार खाल्ला, त्यांच्या नातींनी असला नियम करावा, याचं हसू एकट्या शकुबाईला यायचं. बाकीच्यांचं लक्ष रांगेवर.

रांगेत पहिला नंबर नेहमी सुलाबाईचा. ती पहाटेच हंडा ठेवून जायची. तिचा आवाज असा की विहारातली सभा तिच्यासाठी माइक लावायची नाही. तिच्या पुढं कुणी घुसत नव्हतं, ते नियमामुळं नव्हे.

पाणी पुरत नाही म्हणून कोंडाजीने तक्रार केली. कोंडाजी अंबडला एका कारखान्यात फिटर, पहिल्या पाळीचा. चारपर्यंत घरी येऊन हात धुवायला जायचा, तर रांजणात तळाचा गाळ. तो पाण्याच्या ऑफिसात इतक्या वेळा गेला, की तिथला शिपाई लहानू त्याला जयभीम घालायला लागला. प्रत्येक वेळी एकच उत्तर, "साहेब येऊन बघतील." दिवाळी गेली, संक्रांत गेली. साहेब काही आले नाहीत.

आणि आले ते नेमके चिमणा विहिरीत असताना.

चिमणा म्हणजे शकुबाईच्या गोष्टीतली पोरगी. गाव डोंगरातलं, विहीर पाटलाची, आणि त्या विहिरीवर चिमणाच्या माणसांना जायची बंदी. भर उन्हात, रानात कुणी नाही असं बघून चिमणा पाणी शेंदायला गेली, तर बादली सुटून आत पडली. आईची एकुलती एक बादली. म्हणून पोरगी दोर धरून आत उतरली. इथवर गोष्ट आदल्या दिवशी झाली होती आणि गल्लीला रात्रभर झोप नव्हती.

"मंग?" सुलाबाईने पान तोंडात धरलेलं, चावत नव्हती.

"मंग काय," शकुबाई म्हणाली, "बादली गावली. पोरगी वर बघती, तर काठावर वहाणा वाजल्या. करकर, करकर. नव्या कातड्याच्या. गावात तसल्या वहाणा एकाच पायात."

"पाटील!" पायऱ्यांवरून कुणीतरी म्हणालं.

तेवढ्यात नळाने एक उसासा टाकला आणि पाणी आलं. अंगठ्याएवढी धार. असं पाणी वर्षात आलं नव्हतं. बघता बघता सुलाबाईचा हंडा भरला आणि वाहू लागला.

"सुलाबाई, भरला गं हंडा," मागून लताबाई म्हणाली. लताबाई शाळेत शिकवायची, तिला घाई असायची.

"भरू दे. पाटलानं पोरीला बघितलं का, ते बघू आधी."

"मग मी सरकवू का?"

सुलाबाईने मान वळवली. "हात लावून तर बघ."

लताबाईने हात लावून बघितला नाही. नियम म्हणजे नियम. पहिली उठत नव्हती म्हणून दुसरीला उठता येत नव्हतं, आणि खरं सांगायचं तर उठायचं कुणालाच नव्हतं. शकुबाईने एकदा नळाकडं बघितलं. थांबावं, असं तिच्या मनात आलंही. पण इतके कान एकदम असे कधी तिच्याकडं लागले नव्हते. ती थांबली नाही. पाणी हंड्यावरून चौथऱ्यावर, चौथऱ्यावरून गटारात निघालं.

इथं तुम्ही आलात, साहेब. स्कूटर लावलीत. धार बघितलीत. ओळीने रिकामे हंडे आणि ओट्यावर बसलेल्या बायका बघितल्यात. "कुणाचा हंडा हा? पाणी वाया चाललंय!" असं म्हणालात.

"शूऽऽ! खाली बसा ओ," सुलाबाई म्हणाली. "मधेच काय?"

आणि तुम्ही बसलात. पायरीवर, पँट वर ओढून. पाटील काठावर टेकला, चंची काढली, तंबाखू मळायला लागला, इथपर्यंत तुम्ही ऐकलंत. मग घड्याळ बघून उठलात, हात धुतलेत, पाणी प्यालात आणि गेलात. तुमची स्कूटर वळणावर गेली न गेली तोच नळ घशात अडकल्यासारखा गुरगुरला आणि बंद झाला. शकुबाईही तिथंच थांबली. "पाटलानं उठताना आधाराला म्हणून दोर धरला. आन त्याला वाटलं, दोर जड का लागतोय? बाकी उद्या."

गल्लीत त्या दिवशी एक हंडा भरला होता.

दुसऱ्याच दिवशी, शकुबाई तोंड उघडायच्या आत, तुमची माणसं पाने-पकडी घेऊन आली आणि नळ काढायला लागली. कोंडाजी नुकताच पाळीवरून आला होता.

"ओ भाऊ, नवीन बसवताय काय?"

"नवीन कसला? तिकडच्या सोसायटीत न्यायचाय. तिथं बागेला पाणी कमी पडतं."

"आणि आम्हाला?"

"तुम्हाला लागत नाही ना. साहेबांनी डोळ्यांनी बघितलं. धो धो पाणी चाललंय आणि बायका गोष्टी ऐकत बसल्यात. गरज असलेली माणसं अशी बसतात का?"

कोंडाजी ओट्याकडं वळला. सगळी गल्लीच वळली.

"तुझ्या गोष्टीपायी नळ गेला, शकुबाई!" सगळ्यांत मोठा आवाज सुलाबाईचा.

"हंडा कुणाचा होता गं?" लताबाई म्हणाली.

"हंडा माझा असंल. गोष्ट कुणाची?"

शकुबाई उठली, पदर खोचला. "गोष्ट माझी. थांबायचं व्हतं, थांबले नाय. नळ मीच आणते. आन तवर चिमणा विहिरीतच ऱ्हाईल."

"अगं पण पाटील दोर धरून हाय ना!" सुलाबाई एकदम खाली आली. "लेकरू बुडंल की!"

"मंग चल माझ्यासंगं."

दुसऱ्या दिवसापासून गल्ली मोठ्या रस्त्यापलीकडच्या विहिरीवरून पाणी आणायला लागली, आणि शकुबाई-सुलाबाई पाण्याच्या ऑफिसच्या पायऱ्यांवर बसायला लागल्या.

"साहेब मीटिंगला गेलेत," लहानू म्हणायचा.

"येतील तवर बसतो."

"उद्या या."

"उद्या पण येऊ. आज बसतो."

अशी दोघींनी लहानूला चिकाटी दाखवली. तुम्ही मागच्या दाराने यायचात आणि मागच्या दाराने जायचात, साहेब, हे गल्लीला माहीत आहे. लहानूनेच सांगितलं. तोवर तो आपलं स्टूल पायऱ्यांजवळ आणून बसायला लागला होता. कारण रिकामं बसवत नाही म्हणून शकुबाईने तिथंच गोष्ट सुरू केली होती. चिमणाचीच, पहिल्यापासून. ऑफिसात तक्रारी घेऊन आलेल्या बायका थांबून ऐकायच्या. मग खिडकीतला कारकून. मग त्याच्या मागचा. टाइपरायटर बंद पडायचे, चहावाला ग्लास हातात धरून उभा राहायचा.

एका संध्याकाळी शकुबाई कोंडाजीला म्हणाली, "उद्या सुट्टी टाक. दोन पोरं घे आन हातगाडी आण."

"कशाला?"

"इचारू नको. आणायची."

दुसऱ्या दिवशी शकुबाई खुलली. इतका आवाज तिने ओट्यावरही कधी लावला नव्हता. बादली पडल्याचा आवाज तिने असा काढला की आतल्या हॉलमधले कारकूनसुद्धा बाहेर आले. बडे बाबू आले. हिशेबाची मंडळी आली. लहानू तर कधीचाच आला होता. आणि "काठावर वहाणा वाजल्या, करकर, करकर," असं ती म्हणाली तेव्हा, साहेब, तुम्ही खुद्द केबिनमधून बाहेर आलात. मीटिंगला गेलेले तुम्ही.

"ही तीच का? विहिरीतली?" तुम्ही लहानूला विचारलंत.

"शूऽऽ! बसा साहेब," लहानू म्हणाला.

तुम्ही बसलात. पायरीवर, पँट वर ओढून.

पाटलाने चंची काढली. तंबाखू मळली. चुना लावला. शकुबाईने पाटलाला इतका सावकाश चुना लावायला लावला, की त्या वेळात मागच्या दारातून कोंडाजीने आणि पोरांनी ऑफिसातल्या सगळ्या खुर्च्या उचलून हातगाडीवर रचल्या. तुमची फिरती खुर्ची सर्वांत वर. गाडीचं चाक करकरलं तेव्हा निम्म्या ऑफिसला वाटलं, पाटलाच्याच वहाणा.

आधी बड्या बाबूंनी बघितलं. "अहो! अहो, खुर्च्या! कुठं चालवल्यात?"

"सोसायटीत," कोंडाजी म्हणाला. "तिथं बागेत बसायला कमी पडतात."

"अरे, ऑफिसच्या आहेत त्या!"

"तुम्हाला लागत नाहीत ना. आम्ही डोळ्यांनी बघितलं. मघापासून सगळ्या रिकाम्या आहेत. गरज असलेली माणसं असं सोडून बसतात का?"

तुम्ही उभे राहिलात, साहेब. लाल झालात. "पोलिसांत देईन एकेकाला!"

"द्या की," सुलाबाई म्हणाली. तिला माइक लागत नाही, हे तेव्हा तुम्हाला कळलं. "पंचनाम्यात एवढं लिवा, खुर्च्या रिकाम्या व्हत्या. आन साहेब कुठं बसले व्हते, ते बी लिवा. मी सही करते. सही शिकलीय मी."

पायऱ्यांवर आलेल्या बायका हसायला लागल्या. लहानूने तोंड भिंतीकडं फिरवलं, त्याचे खांदे हलत होते. तुम्ही सगळ्यांकडं बघितलंत, गाडीवरच्या आपल्या खुर्चीकडं बघितलंत आणि म्हणालात, "आठ दिवसांत नळ परत बसेल. खुर्च्या उतरवा."

खुर्च्या उतरवल्या. मोजून, नीट, जागच्या जागी. तुमची उशी सुलाबाईने झटकून ठेवली.

त्या रात्री विहारात बैठक झाली आणि पहिल्यांदाच सुलाबाई स्वतःची चूक कबूल करायला उठली. "माझ्यामुळं झालं. आता नियम असा, की भरला हंडा जिच्या हाताशी असंल तिनं उचलायचा. कुणाचा बी असो. माझा असला तरी. पण आपटायचा नाय." शकुबाई कोपऱ्यात पदर तोंडाला लावून बसली होती. हसत होती की काय करत होती, ते कुणी वाकून बघितलं नाही.

आणि नळ बसला, साहेब, हे कबूल करतो. शब्दाला जागलात. आठव्या दिवशी माणसं आली, पितळी तोटी बसवली, उन्हात नुसती चमकत होती. लताबाईने कुंकवाऐवजी झेंडूचा हार घातला. कोंडाजीने पुढं होऊन तोटी फिरवली.

आतून नुसती हवा आली.

"पाणी?" कोंडाजी म्हणाला.

"नळ बसवायचा हुकूम आहे," तुमचा माणूस म्हणाला. "पाण्याचा वेगळा निघतो."

याला आता अख्खा उन्हाळा होत आला. तोटीवर चिमण्या बसतात. खाली सुलाबाईचा हंडा असतो, पहिला नंबर, आणि त्याला आता कुणीही हात लावू शकतं, पण कशाला लावणार? गल्ली सवयीने दुपारी ओट्यावर जमते. शकुबाई येते, बसते, दुसरं काहीही बोलते. चिमणाचं नाव काढत नाही. पोरीच्या काळजीने सुलाबाईचं जेवण कमी झालंय.

परवा तुम्ही आलात, साहेब. स्कूटर बंदही केली नाहीत. आम्हाला वाटलं, हुकूम घेऊन आलात. तुम्ही ओट्याकडं बघून हळूच विचारलंत, "मावशी, चिमणा वर आली का हो?"

"पाणी आलं का?" शकुबाई म्हणाली.

तुम्ही नळाकडं बघितलंत, हंड्याकडं बघितलंत, आणि स्कूटर वळवलीत.

ऐका, साहेब. पाटील काठावर बसलाय. दोर त्याच्या हातात आहे. दोर जड लागतो हे त्याला कळतंय. खाली वाकून बघायला त्याचं काय जातं? पाणी कधी सोडता? गल्ली ओट्यावर बसली आहे, सुलाबाईसुद्धा गप्प आहे. बोला.