मैफलीतला फवारणी पंप

तंबोरे जुळले, पण समोर फक्त रिकाम्या खुर्च्या. सोयगावकडच्या अतिवृष्टीग्रस्त शेतकऱ्यांसाठी ही मैफल होती. तिकिटांच्या पैशांतून त्यांच्या गटासाठी एक इंजिनाचा फवारणी पंप आला होता, आणि कपाशीवर कीड पसरायच्या आत तो गावी पोचायला हवा होता. समितीचे अध्यक्ष सदाशिवराव, निवृत्त ग्रंथपाल, पडद्याआड घाम पुसत होते. अध्यक्षपदाला ‘नाही’ म्हणायचं त्यांना वेळेवर सुचलं नव्हतं.

त्यांनी गुलमंडीतल्या एका दुकानदाराला फोन लावला.

“तिकीट घेतलं ना काका! अब गाना भी सुनना पडेगा क्या?”

“रिकाम्या खुर्च्यांपुढं मी गात नसतो,” गायक राजेंद्रबुवा कडाडले. शेवटी चिटणीस शंतनूने पंप न्यायला टेम्पो भरून आलेल्या शेतकऱ्यांनाच खुर्च्यांवर बसवलं. बुवांनी अट घातली, “एक जरी उठला, तरी मी उठलो!”

दुसरं गाणं संपतंय तोच प्रमुख पाहुणे आले. त्यांना पुढच्या उद्घाटनाची घाई. “शेतकरी कुठंय? बोलवा!”

शेतकरी उठले तर बुवा उठणार. शंतनूने सदाशिवरावांच्या डोक्याला रुमाल गुंडाळला. “काका, फक्त फोटोपुरतं!”

पाहुण्यांनी त्यांना शाल, श्रीफळ आणि पंप दिला. मग माईक धरला. “बघा हे खंगलेलं शरीर! हे खोल गेलेले डोळे! किती दिवस पोटभर जेवला नसेल हा माणूस!” सदाशिवराव लाजून खाली बघत राहिले, त्यामुळे ते जास्तच खरं वाटलं. पुढच्या रांगेत शेतकऱ्यांतल्या मालनबाईंनी डोळ्यांना पदर लावला.

कार्यक्रम संपल्यावर सदाशिवराव पंप ओढत टेम्पोपाशी गेले. “हा तुमचा.”

गटाचे प्रमुख कडुबा मागे सरकले. “नाय काका. आमी ऐकलं की समदं. तुमचं लई वाईट झालं.”

“अहो, मला शेतच नाही!”

“शेत बी गेलं?” मालनबाईंना हुंदका फुटला. कडुबांनी टेम्पोतली कांद्याची गोणी सदाशिवरावांपुढं ठेवली.

“पण मला पंप चालवता येत नाही हो!” सदाशिवराव काकुळतीला आले.

“मंग बसा टेम्पोत. आमच्या रानात शिकवतो.”

सदाशिवरावांनी एकदा पंपाकडं बघितलं आणि ते मुकाट्यानं चढून बसले. वाटेत बायकोला फोन लावला. “यमुना, जेवायला थांबू नकोस. सोयगावला चाललोय. फवारणी शिकायला.”

“फवारणी? आणि परत कधी येणार?”

सदाशिवरावांनी कडुबांकडं चोरून बघितलं आणि ते तोंडाशी हात धरून कुजबुजले.

“पंप तिथं विसरता आला, की लगेच.”