नानांचा शेवटच्या पंगतीचा सिनेमा

ताईच्या लग्नाची कॅसेट बघायला आम्ही सारे दाटीवाटीने बसलो आणि वरमाला पडायच्या ऐन क्षणी पडद्यावरून ताईच गायब! कॅमेरा वळला होता थेट मांडवाच्या कोपऱ्यात, एकट्याच बसलेल्या एका म्हाताऱ्यावर. तो कुणाकडचा, हे आम्हाला आजतागायत कळलेलं नाही.

शूटिंग करणारे नाना आमचे पाचोऱ्याचे शेजारी. एकटा जीव. वडील तावातावाने भांडायला गेले, तर नाना शांतपणे म्हणाले, "नवरा-नवरीकडे देखाले बठ्ठा शेतस." नवरा-नवरीकडे बघायला म्हणे सगळेच आहेत, कपाळ!

वरण-बट्टीच्या पंगतीत आग्रह करकरून वाढायची आपली रीत. नानांचा कॅमेरा मात्र ज्यांना कुणीच आग्रह करत नाही, त्यांना हुडकायचा. अशी माणसं जोडून जोडून त्यांनी चक्क एक सिनेमा केला. "हा प्रयोग आहे, प्रयोग," असं गल्लीभर सांगत फिरले. मला हळूच म्हणाले, एकाने तरी शेवटपर्यंत बघितला तर ठीक, नाहीतर कॅमेरा विकून टाकतो.

रविवारी दुपारी अख्खी गल्ली नानांच्या खोलीत हजर. गाणं लागेना, हिरॉईन येईना. अर्ध्या तासात उरलो मी एकटा, तोही ताईची वरमाला कुठे सापडते का, या आशेने.

आणि काय सांगू, खिळूनच गेलो! एक मावशी 'नको नको' म्हणत पानावर हात आडवा धरून बसलेली, आणि वाढपी तिच्याकडे वळतच नाही.

शेवटी आला ताईच्या लग्नातला तो म्हातारा. एकदम चित्र तिरपं झालं. नाना कॅमेरा खुर्चीवर ठेवून बंद करायला विसरले होते. बघतो तर बट्टीची परात घेऊन स्वतः नानाच चित्रात! त्यांनी म्हाताऱ्याला वाढलं, वर तूप ओतलं. म्हातारा म्हणाला, "तू बी बस ना भाऊ. एकलं खावाले गोड लागत नही." नाना मांडी घालून बसले.

"ते कापायचं राहिलं," म्हणत नाना ओशाळून टीव्ही बंद करायला उठले.

"कापू नका," मी म्हटलं. "आणि कॅमेराही विकायचा नाही."

दोन वाजून गेले होते. कोपऱ्यातला स्टोव्ह गार होता. नाना जेवण झालंय म्हणत होते, तरी त्यांना हाताला धरून आमच्या घरी जेवायला आणलं.

दुसऱ्या बट्टीला नानांनी पानावर हात आडवा धरला. कॅसेटवरून अजून धुसफुसणाऱ्या माझ्या वडिलांनी तो बाजूला सारला आणि बट्टी वाढली.