चंद्रिका रोहणेकर आणि डुकरांचा गैरसमज

आर्वीच्या कृषी प्रदर्शनात योगेंद्रला पहिलं बक्षीस मिळालं.

हे वाक्य तुम्ही वाचलेलं नाही. असं काही झालेलंच नाही! त्याच्या घरी टीव्हीशेजारी जी ट्रॉफी भिंतीकडे तोंड करून उभी आहे, ती जुन्या भाडेकरूची आहे. घर आजोबांनी बांधलेलं आणि त्यात आजवर एकही भाडेकरू राहिला नाही, ही गोष्ट वेगळी.

मुळात योगेंद्र कलावंत! रोहणा गावात दिवसा किराणा दुकानात साखर मोजणार, आणि स्टेजवर चढला की चंद्रिका रोहणेकर! नऊवारी, खोपा, नथ, पायांत चाळ. नऊ वर्षं गणपती आणि दुर्गोत्सव तिनं गाजवले. वडनेरच्या कार्यक्रमात एका म्हाताऱ्यानं इतक्या जोरात शिट्टी मारली की कवळी थेट स्टेजवर आली. चंद्रिकेनं ती पदरानं पुसून, मान वेळावून परत केली. म्हाताऱ्यानं ती पुढे आठवडाभर तोंडात घातली नाही म्हणे. देव्हाऱ्यात ठेवली होती.

मग मंडळांना डीजे सापडला. डीजे रुसत नाही, त्याला आरसा लागत नाही. चंद्रिकेच्या सुपाऱ्या बंद झाल्या.

अशा वेळी नागपूरला कॉलेजात शिकणारी चुलत बहीण हर्षा म्हणाली, "दादा, तू कॉस्प्ले कर."

"ते काय असते?"

"गेममधलं नाई तर कार्टूनमधलं एखादं पात्र उचलायचं अन् डिट्टो तसं सजायचं. लोकं पागल होते! नागपूरले रविवारी मोठी स्पर्धा आहे."

"म्हणजे म्या नऊ वर्षांपासून जे करून राह्यलो, तेच ना? त्याले नाव ठेवायले तुमाले इतके दिवस लागले?"

हर्षाच्या मोबाईलमधल्या गेममधून त्यानं नागसम्राज्ञी निवडली. सात फण्यांची, लांबलचक शेपटीची. फणे योगा मॅटचे झाले, शेपूट ठिबकच्या जुन्या नळ्यांची, खवले फुटक्या सीड्यांचे. आणि आत नऊवारीच. कारण निऱ्या खोचता खोचता त्याची आई अनुसयाबाई म्हणाल्या, "सम्राज्ञी असो का कोणी, बाईनं अंगभर नेसावं." कॉस्प्ले जपानहून आला असेल, पण आईपुढे जपान चालत नाही.

आरशात पाहून योगेंद्र म्हणाला, "रविवारी नागपूर चीत! माह्याकडं पाहून कोणी जागचं हाललं तर नाव बदलीन!"

हे वाक्य लक्षात ठेवा. तो विसरायचा प्रयत्न करतोय.

स्पर्धेसाठी फोटो पाठवायचा होता. मागे हिरवंगार पाहिजे म्हणून हर्षा त्याला घेऊन गेली आपल्या वडिलांच्या, म्हणजे योगेंद्रच्या मोठेबाबांच्या, प्रभाकररावांच्या वावरात. सोयाबीन शेंगांनी लदलेलं. दिवस कलला होता. आणि वावराच्या मधोमध रानडुकरांचा अख्खा कळप जेवायला बसलेला! प्रभाकरराव बांधावर डबा बडवत होते. डुकरांना वाटत होतं, जेवताना संगीत आहे.

"दादा, मांगं फिर!" हर्षा ओरडली.

पण समोर एवढे प्रेक्षक बघून नऊ वर्षांची सवय कशी मागे फिरणार? चंद्रिकेनं मुजरा केला. एक पाय आपटला. आणि डावा डोळा मारला.

कळप उधळला! नुसता उधळला नाही, एकमेकांच्या अंगावरून उधळला. म्होरक्या डुकरानं तर तारेचं कुंपण बघितलंसुद्धा नाही, सोबतच घेऊन गेला.

हर्षा फोटोच्या जागी व्हिडिओ काढून बसली होती. प्रभाकररावांनी तो शेतकऱ्यांच्या ग्रुपवर टाकला. सकाळी योगेंद्रच्या दारात ही गर्दी!

योगेंद्र मनात म्हणाला, आले! रसिक आले! त्यानं केस सारखे केले.

शेजारचे बंडूजी पुढे झाले. "योगेंद्रभाऊ, आमच्या वावरात केव्हा येता? कुंपणाले करंटची झटका मशीन लावली, काई फरक नाई. तुमचा रिझल्ट जबरदस्त आहे!"

"बंडूजी! मी मशीन आहो का?"

"नाई नाई, मशीनले बॅटरी लागते. तुमी त्याहून बेस!"

योगेंद्र लाल झाला. "अहो, ते पोशाखाले भेले! सात फणे, एवढी शेपूट! मले पाहून कोणी काऊन पळन? लोकं कवळ्या फेकते माह्यावर!"

"सिद्ध कर मंग," प्रभाकरराव म्हणाले. हा माणूस पुतण्याच्या इज्जतीसाठी बोलत नव्हता, सोयाबीनसाठी बोलत होता.

त्या संध्याकाळी पोशाख बांबूवर चढवून वावरात उभा केला. सकाळी सगळे बघायला गेले. सोयाबीनचा चट्टामट्टा! डुकरांनी दोन फणे चघळले होते. सम्राज्ञीच्या शेपटीवर डोकं ठेवून कुणीतरी झोपल्याचा खळगासुद्धा होता.

गर्दीनं हळूहळू पोशाखावरून नजर काढली आणि योगेंद्रकडे वळवली.

"म्हणजे..." बंडूजी म्हणाले.

"म्हणू नका!" योगेंद्र किंचाळला. "आज संध्याकाळी मी येतो. फणे नाई, शेपूट नाई. निव्वळ चंद्रिका! पाहू कोण पळते ते!"

शुक्रवारची ती संध्याकाळ. असा मेकअप त्यानं दुर्गोत्सवातही केला नव्हता. जांभळी नऊवारी, मोगऱ्याचा गजरा, गालावर तीळ. अनुसयाबाईंनी कानामागं काजळ लावलं. "दीठ लागन रे योगू."

"डुकराची?"

"कोणाचीबी लागते."

चंद्रिका वावरात शिरली. कळप जेवत होता. तिनं पदर सावरला, हसली, आणि पहिली गिरकी घेतली.

गिरकी पूर्ण व्हायच्या आत वावर रिकामं! एक जाडजूड डुकरीण, जी रोज तुरीच्या काकरीत लोळायची आणि दगड मारला तरी कूस बदलायची, ती दोन बांध हवेतून ओलांडून गेली!

"शाबास!" प्रभाकरराव नाचायला लागले. "ना औषध, ना करंट! शंभर टक्के नैसर्गिक!"

चंद्रिका मात्र तिथंच उभी होती. तिनं घसरलेला गजरा पुन्हा खोचला. आणि तेवढ्यात तिला दिसलं, पूर्वेच्या बांधावर एक पिल्लू राहिलं होतं. अंगावर पट्टे, तोंडात शेंग. ते टक लावून बघत होतं.

मग तिनं अख्खी लावणी केली. त्या एकट्यासाठी, शेवटच्या ठेक्यापर्यंत. पिल्लू हललं नाही. संपल्यावर त्यानं शेंग गिळली आणि शांतपणे निघून गेलं.

"बहिरं असन," प्रभाकरराव म्हणाले.

योगेंद्र शनिवारभर त्यांच्याशी बोलला नाही.

रविवारी चघळलेल्या फण्यांना टेप लावून, सम्राज्ञी पूर्ण वेशात आर्वीच्या बसस्टँडवर उतरली. नागपूरच्या गाडीला अवकाश होता. प्रभाकरराव सोबत होते, भलतेच प्रेमळ झालेले.

"चाल, जवळच एक कार्यक्रम आहे. स्टेज आहे, माईक आहे, मस्त पब्लिक आहे. पाच मिनिटं!"

स्टेज म्हटल्यावर योगेंद्रचे पाय आपोआप वळतात. समोर मांडवभर माणसं! त्यानं जीव ओतला. शिट्टी एकही नाही. सगळे गंभीर चेहऱ्यानं बघत होते. एकानं हात वर केला. "किती एकरापर्यंत चालते हे?"

तेव्हा त्यानं मागे वळून पाहिलं. पडद्यावर प्रभाकररावांनी दिलेला डुकरांचा व्हिडिओ चालला होता आणि वर फलक होता. कृषी प्रदर्शन!

टाळ्या कडाडल्या, ट्रॉफी हातात आली, आणि मांडवाबाहेरून नागपूरची गाडी हॉर्न देत निघून गेली. प्रमाणपत्रावर लिहिलं होतं, 'उत्कृष्ट पीक संरक्षण साधन'.

"मी साधन नाई!" योगेंद्र सात फणे हलवत संयोजक धम्मदीपवर धावला. "कलावंत आहो कलावंत!"

"भाऊ, रकाने तीनच आहे," धम्मदीप कळवळून म्हणाला. "बियाणं, औषध अन् साधन. तुमी सांगा, कशात टाकू?"

योगेंद्रनं रकाने स्वतः मोजून पाहिले. तीनच होते.

आज चंद्रिकेच्या तारखा हरभरा निघेपर्यंत बुक आहेत. डीजे लावून पाहिला बंडूजींनी, डुकरं नाचली. चंद्रिकेला पर्याय नाही! रोज नवा पोशाख, नवं पात्र, नवं वावर. हर्षा म्हणते, विदर्भात एवढा कॉस्प्ले कोणीच करत नाही. योगेंद्र रोज संध्याकाळी सजतो, रोज अपमान होतो, आणि गिरकी घेण्याआधी रोज पूर्वेच्या बांधाकडे एकदा बघतो.

मागच्या सोमवारी त्यानं अर्ज दिला. त्याची नक्कल अशी:

"मा. कृषी अधिकारी साहेब, अर्जदार हा साधन नसून कलावंत आहे, सबब प्रमाणपत्रात दुरुस्ती व्हावी. तसेच मौजा रोहणा येथील श्री. प्रभाकरराव यांच्या शेताच्या पूर्व बांधावर एक पट्टेदार पिल्लू अर्जदाराची लावणी शेवटपर्यंत पाहत उभे होते. सदर पिल्लाचा शोध घेऊन, त्याच्यावर कोणताही दबाव न आणता, त्याचा अभिप्राय लेखी स्वरूपात घेण्यात यावा व त्याची एक प्रत अर्जदारास देण्यात यावी, ही नम्र विनंती."